मोर्णेकाठची पडीत जागा

बाबा, काल अमरावतीत एका भूगोलाच्या पुस्तकात मेम्फिस हे नाव दिसलं आणि मी उभ्या उभ्याच पुस्तक मिटलं. अमेरिकेत मिसिसिपी नदीच्या ओसाड काठावर वसवलेलं कापसाचं शहर, एवढीच ओळ होती. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, मी आता तुमच्याहूनही म्हातारा झालो, तरी ते वाचून अंगावर काटा आला.

त्या वर्षी अकोल्यात कापसाखेरीज दुसरं बोलणं नव्हतं. अमेरिकेतल्या लढाईनं तिकडचा माल अडला होता आणि आपल्या वऱ्हाडच्या बोंडांना कधी नव्हे तो भाव आला होता. मोर्णा नदीच्या काठी नवा कापूसबाजार बसवायचं ठरलं. जागा मोजून नकाशा काढायचं काम तुमच्याकडे आलं. मी बावीस वर्षांचा, बायको घरात आलेली, तुमच्याच मोजणी कचेरीत कारकून. तुम्ही कुठल्याशा वर्तमानपत्रात मेम्फिसविषयी वाचलं होतं आणि भेटेल त्याला सांगत सुटला होता, "चाळीस-पन्नास वर्सांआंधी तिथं निरं रान होतं. आता पाहा म्हना! आपलं अकोलं बी तसंच होते का नाही, ते पाहाच."

म्हणून तर तुम्ही नकाशा आणि मला सोबत घेऊन त्या माणसाकडे गेलात. कापूस दाबून गाठी बांधायच्या नव्या प्रेसचं वाफेचं इंजिन चालवायला मुंबईहून आलेला तो काळा माणूस, लोक त्याला हबशी म्हणत. जहाजावर कोळसा ओढत आलेला, खलाशांकडून हिंदुस्थानी शिकलेला. तो मूळ मेम्फिसचा आहे हे कळल्यावर तुमचा आनंद मावेना. दुपारच्या सुट्टीत तो भाकर खात बसलेला. तुम्ही कागद त्याच्यासमोर पसरता, इथं रस्ता, इथं वखारी, असं दाखवता. तो तेलकट बोट नदीकाठावर ठेवतो.

"इधर कौन रहता है?"

"कोई नहीं," तुम्ही म्हणता. "भोई लोगों के थोडे झोपडे हैं."

त्याचा घास हातातच राहिला. मग तो बोलू लागला, सावकाश, शब्द शोधत. त्याच्या गावातही 'कोई नहीं' होतं. नदीच्या उंच कड्यावर तिथले मूळचे लोक शिकार करत, मक्याची शेतं करत. सरकारनं त्यांच्याकडून जमीन सोडल्याचा कागद लिहून घेतला. दोन-चार बड्या लोकांनी आधी नकाशा आखला, रस्ते आखले, मिसर देशातल्या जुन्या नगरीचं नाव दिलं. गाव मागून आलं. आधी लाकडी तराफे लागले, मग आगबोटी. मूळच्या लोकांना नदीपार, पश्चिमेला हाकललं. वाटेत म्हातारी माणसं, लेकरं मेली. आणि मोकळ्या झालेल्या रानात कापूस पिकवायला माणसं विकत आणली.

"आदमी?" तुम्ही विचारलंत. तुम्हाला वाटलं, ऐकण्यात चूक झाली.

"आदमी. औरत. मैं भी." लिलावाच्या एका आवारात त्याला आणि त्याच्या आईला एकाच दिवशी विकलं, वेगवेगळ्या मालकांना. तो तेव्हा सात-आठ वर्षांचा होता. रस्त्याच्या पलीकडे कापसाच्या गाठी रचलेल्या होत्या, तेवढं त्याला आठवत होतं. आईचा चेहरा आठवत नव्हता.

तुम्ही नकाशा गुंडाळलात. घरी न जाता नदीकाठी गेलात, एकेक झोपडी मोजलीत. मी तुम्हाला असं कधी पाहिलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी कचेरीतल्या साहेबानं नदीकाठच्या तुकड्यावर 'पडीत, वस्ती नाही' असं लिहायला सांगितलं, तेव्हा तुम्ही हात जोडून म्हणालात, "साहेब, तिथं अकरा घरं हायेत. म्या मोजले. अकरा लिहीन." वीस वर्षांची नोकरी तुम्ही एका वाक्यात घालवलीत.

संध्याकाळी साहेबानं मला बोलावलं. तो शेरा लिहिला तर तुमची जागा मला मिळेल म्हणाला. माझं अक्षर तुम्हीच वळवलेलं, हुबेहूब तुमच्यासारखं. मी लिहिलं, पडीत. घरी आल्यावर तुम्हाला सांगितलं की शेरा लिहायला अमरावतीहून कोणी दुसराच आला होता. तुम्ही माझ्या बोटांवरची शाई पाहिलीत.

दोन दिवसांत झोपड्या उठल्या. नदीच्या वाळूतल्या त्यांच्या टरबुजाच्या वाड्यांवरून बैलगाड्या गेल्या. तिसऱ्या दिवशी सकाळी भोयांची एक म्हातारी आपल्या दारात येऊन उभी राहिली. तुम्हाला मोजणीची साखळी घेऊन फिरताना तिनं पाहिलं होतं, पाणी दिलं होतं.

"बाबू, आमची जागा पडीत हाय, असं तुमीच लिवलं काय?"

मी आत, दाराआड. आता तुम्ही माझं नाव घेणार, अशी खात्री होती.

"हो माय," तुम्ही म्हणालात. "म्याच लिवलं."

"काहून जी? आमी दिसलो नाही काय तुमाले?"

ती शिव्याशाप काही न देता निघून गेली. तुम्ही आत आलात, माझ्यासमोरून गेलात, आणि पुढं दोन वर्षं, अगदी शेवटच्या दुखण्यातही, त्याबद्दल अवाक्षर काढलं नाहीत. मीही काढलं नाही. कचेरीतल्या तुमच्या जागेवर मी पेन्शन होईपर्यंत राहिलो.

हा कागद कुठं पाठवायचा नाही, म्हणूनच लिहितो. तुम्ही "हो माय" म्हणालात तेव्हा मला लाज वाटली, असं मी इतकी वर्षं स्वतःला सांगत आलो. लाज नंतर वाटली, बाबा. आधी हायसं वाटलं होतं.