ढब्बूला नेऊ देणार नाही

१२ मार्च

चि. धाकट्यास,
अ. उ. आशीर्वाद. आज तोही दातओठ खात देते आहे.

ढब्बूचा कान फाटल्याचं मला तुझ्या शेजारच्या काकूंकडून कळावं? नर्सेसच्या क्वार्टरमध्ये कुत्रं चालत नाही म्हणून काळजावर दगड ठेवून तो तुझ्या हवाली केला, आणि तू त्याला मैदानावर दहा कुत्र्यांत सोडलंस! इतकी वर्षं मी त्याला दुसऱ्या कुत्र्याचा वारा लागू दिला नाही. समोरून एखादं आलं की उचलून घ्यायचे. तुझे सुतारकामाचे प्रयोग लाकडावर कर, मुक्या जिवावर नको. रविवारी त्याला न्यायला येते. क्वार्टरवाल्यांशी भांडेन.

लोभ आहे, पण सध्या आटलाय.
तुझी ताई

१५ मार्च

ति. ताईस,
शि. सा. न. राग मलाही येतो, एवढीच विनंती विशेष.

कान फाटलेला नाही, खरचटलाय. पशुवैद्य मॅडमच्या म्हाताऱ्या कुत्रीवर हा थेट जाऊन आदळला. तिने एकदाच चावा घेऊन समज दिली आणि बाजूला झाली. ती त्यांची भाषा आहे. तू कडेवर वागवलंस म्हणून ढब्बूला ती येतच नाही. कुणी दिसलं की आधी जीव तोडून भुंकतो, मग माझ्या पायांत शिरून थरथरतो. तू त्याला शूर म्हणायचीस. तो घाबरट आहे, ताई.

मॅडमनी आधी दोघांना लांबलांबून चालवलं, मग जवळून, मग मोकळं सोडलं. आता तो पुढचे पाय पसरून, ढुंगण वर करून खेळायला बोलावतो. जोरात चावला आणि समोरचं कुत्रं केकाटलं, की आपणहून थांबतो.

आई गेल्यावर तू मला वाढवलंस, त्यापुढे मान खालीच आहे. पण मैदानावर जरा झटापट झाली की तू मला हाताला धरून घरी न्यायचीस. भांडल्यावर परत खेळायला कसं जायचं, ते मला अजून येत नाही. वर्कशॉपमधला भागीदार चिडून निघून गेला, तेव्हा मी नुसता रंधा मारत बसलो. ढब्बूचं तसं होऊ देणार नाही. आलीस तरी नेऊ देणार नाही.

राग सोड किंवा ठेव, पण पत्र पाठव.
तुझा धाकटा

२० मार्च

चि. धाकट्यास,
अ. उ. आशीर्वाद.

रविवारी मी आले होते. तुझ्याकडे नाही, मैदानाच्या फाटकाशी उभी राहिले. एक दांडगा कुत्रा गुरगुरत ढब्बूवर आला. मी किंचाळणार, तोच ढब्बूने तोंड फिरवलं आणि शांतपणे जमीन हुंगत राहिला. दांडगा निवळला. मग दोघं धावत सुटले. आधी हा पुढे, मग तो. ढब्बूला इतकं वेडंवाकडं पळताना मी कधी पाहिलंच नव्हतं.

हाक मारली. आला, हात चाटला, आणि परत खेळायला गेला. मेला! बसमध्ये मी रडले, आणि शेजारचीने विचारल्यावर तिच्यावरच खेकसले.

राहू दे त्याला तुझ्याकडे. पण तू त्या पत्रात जे लिहिलंस, त्याचा राग गेलेला नाही, जाणारही नाही इतक्यात. येत्या रविवारी येते आणि तुझ्या तोंडावर भांडते. तूही भांड. मग दोघं मिळून मैदानावर जाऊ.

लोभ होता तेवढाच आहे.
तुझी ताई