दादांच्या काविळीचा शोध

राहुरी, ९ नोव्हेंबर १९९८

प्रिय तुषार,

आपला चुलतभाऊ सहादेव गेल्याचं तुला फोनवर कळवलं. पण त्यानंतर मी जो उद्योग केला, तो फोनवर सांगण्यासारखा नव्हता. पुण्याच्या डॉक्टरांनी त्याला स्वादुपिंडाचा कॅन्सर सांगितला, तेव्हा काकू सारखी म्हणत होती, हा भावजींसारखाच पिवळा पडला. दादा काविळीने गेले, असं आपण एकोणीस वर्षं धरून चाललो. त्यांच्या गळ्यात मुळ्यांची माळ बांधली होती, आठवतं? तू कॉलेजात होतास. काकूचं ते बोलणं माझ्या डोक्यातून जाईना.

म्हणून दिवाळीआधी कर्जतला छबूबाई आत्याकडे गेले. दादांची धाकटी बहीण, आता तीच एक उरली आहे. दोन दिवस तिला नाही नाही ते विचारलं. ती म्हणाली, "त्याला जेवल्याव पाटीत कळ यायची. उशी पोटाशी धरून वाकून बसायचा. पिवळा तर त्यो लई मागून पडला." थोड्या वेळाने आपणहून म्हणाली, "आक्काबाईबी तशीच बसायची." आक्काबाई आत्या बाळंतपणानंतरच्या अशक्तपणाने गेली, असं आपल्याला सांगितलं होतं!

विद्यापीठात मी बारा वर्षं ज्वारीच्या वाणांच्या वंशावळी लिहिते. कोणता गुण कुठून आला, हे शोधायची सवयच लागली आहे. तसाच आपल्या घराण्याचा तक्ता मांडला आणि सहादेवच्या डॉक्टरांना दाखवला. हसतील असं वाटलं होतं. त्यांनी चष्मा काढून तक्ता दोनदा पाहिला. परदेशात अलीकडे अशा घरांतल्या माणसांना काही दुखत नसतानाच तपासायला लागलेत, म्हणाले. त्याचा किती उपयोग होतो, ते अजून कुणालाच नक्की ठाऊक नाही. स्वादुपिंड जठरामागे, कण्याजवळ आडवं असतं. मी त्यांच्याकडून चित्रच काढून घेतलं. दादांची पाठ का दुखायची, ते तेव्हा कळलं.

मग मी स्वतःचीच तपासणी करायला सांगितलं. सोनोग्राफीत पोटातल्या गॅसमुळे धड दिसेना. सीटी स्कॅनसाठी उपाशीपोटी लिटरभर औषधी पाणी प्यायला लावलं. मशीनमध्ये आडवं पडल्यावरही मला, आत काय दिसत असेल, याचंच कुतूहल.

दिसलं ते सांगायलाच हे पत्र. हरभऱ्याएवढी गाठ आहे. मला काही दुखत नाही, भूक नेहमीसारखी लागते. डॉक्टर म्हणाले, "कसली आहे ते काढल्यावरच कळेल. पण काढता येईल अशा वेळी तुम्ही आलात." सव्वीस तारखेला पुण्यात ऑपरेशन आहे. हे वाचून तू मिळेल त्या गाडीने निघशील. निघू नकोस. दादा तुझेही वडील होते, तुषार. आधी नागपुरात स्वतःला तपासून घे, मग मला बघायला ये.

तुझीच,
भारतीताई