१९१२ नंतर माहीत नाही

४ ऑगस्ट २०१४, सोमवार

मुकुलचा पुण्याहून फोन. दिवाळी अंकाचा संपादक झाल्यापासून तो 'कसा आहेस' विचारत नाही, 'लेख कुठे आहे' विचारतो. 'वहिनींना जमणार नसेल तर तू पुरा कर. नाव त्यांचंच टाकू.' बरं म्हणालो.

मेधाला पक्षाघात झाला त्याला आज अकरा आठवडे. उजवा हात गेला, वाचा गेली. शब्द एकच उरलाय — 'हो'. बाकी समजतं सगळं, असं डॉक्टर म्हणतात. मैत्रेयीने विचारलं, 'बाबा, तुला काय वाटतं?' शोधून पाहिलं. काही सापडलं नाही. भांडी घासली.

५ ऑगस्ट

लेखाचा नायक ओलिंपियो साराइव्हा. ब्राझीलचा नट, ब्राझीललाही ठाऊक नसावा. १९०९च्या सुमारास रिओत मूकपटच होते, पण गाणारे! पडद्यावर देखणा नट ओठ हलवी आणि पडद्यामागे उभा राहून दुसराच कुणी गाई. हा तो दुसरा.

मेधा या माणसाच्या मागे चार वर्षं होती. चांगी बिझनेस पार्कमधल्या बँकेतून घरी येताना एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, पोर्तुगीज शिकायची. मी आंग मो किओत घरी बसून पुण्याच्या साप्ताहिकाला सिंगापूरची खबर पाठवायचो. पंधरा वर्षं. खबर म्हणजे बहुधा हवामान, आणि ते इथे बदलत नाही.

तिच्या टिपणांचं शेवटचं पान — '१९१२ नंतर माहीत नाही.' खाली दोन रेघा.

७ ऑगस्ट

स्पीच थेरपी. थेरपिस्ट म्हणाली, लहानपणीचं पाठांतर असेल तर म्हणून बघा. जन्मभर संस्कृत घोकलेल्या माझ्याकडे दुसरं आहे काय? 'देव' चालवला. मेधाने संस्कृत शाळेत फक्त मार्कांसाठी घेतलं होतं, पण माझ्या मागोमाग प्रथमेपासून संबोधनापर्यंत बिनचूक आली! मी विजयी मुद्रेने पाहिलं. थेरपिस्ट म्हणाली, 'हे बोलणं नव्हे, सवय आहे.'

संस्कृतबद्दल माझ्या तोंडावर इतकं स्पष्ट आजवर कुणी बोललं नव्हतं.

९ ऑगस्ट

नॅशनल डे. समोरच्या ब्लॉकला खालपासून वरपर्यंत झेंडे. संजीवनीचा फोन — 'दादा, आता पुण्याला या बाबा. आम्ही आहोत ना सगळे. वहिनींना विचारलंस?' स्पीकर लावला. मेधाच्या खुर्चीपाशी जाऊन विचारलं, 'पुण्याला जायचं ना?'

'हो.'

'झालं तर मग,' संजीवनी म्हणाली.

पंधरा वर्षं मी हेच विचारत आलो. ती एकदाही हो म्हणाली नव्हती. एजंटला कळवलं, फ्लॅट विकायचाय. हायसं वाटायला हवं होतं.

१२ ऑगस्ट

मैत्रेयी हॉस्टेलवरून आली. पुण्याचं सांगितलं. ती आईसमोर जाऊन उभी राहिली.

'आई, एमआरटी तू चालवतेस?'

'हो.'

'मी मुलगा आहे?'

'हो.' मेधा हसली. अर्ध्या चेहऱ्याने.

'बाबा, शी सेज हो टु एव्हरीथिंग, लाह. यू नो दॅट.'

म्हटलं, चहा घेतेस? 'विक्री थांबव' सांगायला एजंटला मात्र फोन केला नाही.

१५ ऑगस्ट

एजंटचा कागद आला. फ्लॅट दोघांच्या नावावर, सह्या दोघांच्या हव्यात. माझी केली.

१८ ऑगस्ट

मुकुल — 'पंडित, शेवट दे. माहीत नाही हा काय शेवट आहे?'

दिला. 'पुढे तो समाधानाने आपल्या गावी परतला आणि उर्वरित आयुष्य त्याने स्वजनांच्या सहवासात सुखाने व्यतीत केले.' पुरावा शून्य. मेधा एकेका तारखेसाठी रिओला तीन-तीन पत्रं लिहायची. पण वाक्य गोळीबंद आहे. लिहिताना काही वाटलं नाही. हल्ली हा एक फायदा आहे.

२० ऑगस्ट

न्याहारीनंतर मेधापुढे दोन कागद ठेवले — लेखाची प्रत आणि एजंटचा. डाव्या हातात पेन दिलं. 'लेख नुसता नजरेखालून घाल. सही इथे.'

लेख तिने पहिल्या ओळीपासून वाचला. तासभर तरी. शेवटचं वाक्य खोडलं. मग एजंटचा कागद ओढून घेतला आणि या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत रेघ मारली. वाकडी, पण सलग.