दक्षिण भिंतीचा चुना

मी, खाली सही करणारा, वय वर्षे एक्क्याऐंशी, धंदा गवंडीकाम, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझी शुद्ध शाबूत आहे. थोरल्या मुलाला तसे वाटत नसल्याने डॉक्टरीणबाईंचा दाखला सोबत टाचला आहे. यापूर्वी मृत्युपत्र केलेले नाही. मरायला सवड आत्ताच मिळाली.

१. राहते घर थोरल्याला. तो सिमेंटचा ठेकेदार, घरही सिमेंटचे, दोघांचे जमेल. अट पाचव्या कलमात आहे.

२. घरामागचे आवार आणि त्यातला चुन्याचा खड्डा मुलीला. माझा धंदा तिनेच उचलला आहे. थोरल्याने तिथे गाळे काढायचा नकाशा परस्पर करून आणला आहे. तो त्याने घडी घालून ठेवावा. चुना आपण भिजवायचा आणि पुढच्या पिढीने वापरायचा, ही आमची रीत. वडिलांनी भिजवलेला मी वापरला. आता खड्ड्यात आहे तो मुलीच्या जन्माच्या वर्षी मी भिजवलेला, सेहेचाळीस वर्षे मुरलेला. तिने तो वापरावा आणि तेवढाच नवा भिजवावा.

३. आमच्या घराण्याने बांधलेल्या इथल्या कॅथेड्रलच्या इतिहासाची पुस्तिका त्याच्या दारात मिळते. तीत नऊ बिशपांची नावे आहेत, गवंड्याचे एकही नाही. 'वादळात छत कोसळले, पण भिंती ईश्वरकृपेने उभ्या राहिल्या,' असे तीत छापले आहे. ईश्वराची कृपा मी नाकारत नाही. पण त्या भिंतींना एकशे दहा वर्षे लागली, आमच्या चार पिढ्या त्यात खपल्या, आणि मऊ चुन्यामुळे त्या हलल्या तरी तडकल्या नाहीत. हे छापायलाही जागा होती. माझी प्रत, समासातल्या दुरुस्त्यांसह, फादरांना द्यावी.

४. उत्तर भिंतीबद्दल कबुली. तरुणपणी मला घाई फार. वडील आजारी असताना मी तिचे सांधे सिमेंटने भरले. दगडात मुरलेल्या पाण्याला बाहेर पडायला वाट उरली नाही आणि दहा वर्षांत तिच्यावर कोरलेल्या बारा संतांचे चेहरे पापुद्रे सुटून गळाले. वडील पाहून एवढेच म्हणाले, "भिंतीचं नाक दाबलंस रे." पुस्तिकेत दोष खाऱ्या वाऱ्याला दिला आहे. तो माझा आहे. अजूनही मी त्या बाजूने जात नाही.

५. आता कॅथेड्रलच्या दुरुस्ती समितीने दक्षिण भिंतही सिमेंटने भरायचा ठराव केला आहे. काम थोरल्याला मिळाले. मी सभेत उभा राहिलो तर अध्यक्ष म्हणाले, "बाबा, बसा तुम्ही. तुमचा जमाना गेला." जमाना गेला असेल, भिंत तिथेच आहे. उंटावरून शेळ्या हाकणाऱ्यांनी एकदा तिला हात लावून पाहावा. मुलीकडून चुन्याने काम करून घेणार असतील, तर सगळा चुना फुकट. सिमेंटचे एक घमेले जरी त्या भिंतीला लागले, तर घरही मुलीचे. थोरल्याने काय ते ठरवावे.

६. थापी, छिन्न्या आणि ओळंबा मुलीला. ती परवा म्हणाली, "बाबा, ओळंब्याची दोरी कुजलीये." दोरी बदल, पोरी. वजन तुझ्या पणजोबांचे आहे.

७. बिशपांचा निरोप आला आहे, की मी विरोध सोडला तर दारापाशी माझ्या नावाची संगमरवरी पाटी बसवतील. त्यांचे आभार. पाटी नको. आमच्यातला प्रत्येक गवंडी एका दगडाच्या आतल्या अंगावर आपली खूण कोरतो आणि मग तो दगड बसवतो. माझा दगड दक्षिण भिंतीत आहे. ती खूण वाचायची तर भिंत पाडावी लागेल. आणि ती पडू नये, याची तजवीज मी वर केलेली आहे.

लिहून, पुन्हा वाचून, कोणाचेही न ऐकता सही केली.

(सही) गवंडी

साक्षीदार:
१. (सही) कॅथेड्रलची घंटा वाजवणारे काका. एका कानाने बहिरे, दोन्ही डोळ्यांनी शाबूत
२. (सही) डॉक्टरीणबाई

ठिकाण: चुन्याच्या खड्ड्याकडची खोली
दिनांक: सतरा मार्च, समितीच्या ठरावानंतरचा दहावा दिवस