साखरपुड्यातले अधिवेशन

४ बहमन, १३४० फसली
वही उघडायला उशीर झाला, माफी असावी. दिवाळीपासून रोज लिहायचे ठरवले होते. माफी कोणाची मागतो ते मलाही ठाऊक नाही, पण पार्टीच्या प्रेसिडेंटने नम्रपणे सुरुवात केलेली बरी दिसते.

पार्टी म्हणजे रयत तरक्की सभा, मुक्काम युसूफ वडगाव. प्रेसिडेंट मी, सुंदरराव. व्हाइस प्रेसिडेंट मकसूदमियाँ फळवाला. सेक्रेटरी आप्पा. मेंबर अजून व्हायचे आहेत.

बातमी मोठी. हैदराबादच्या कौन्सिलात आपल्या भागातून रयतेचा एक माणूस घेणार. ज्याच्यामागे लोक, त्याची शिफारस जिल्ह्याचे तालुकदारसाहेब करणार. बाजारात टोपलीमागे कर घेतात, त्यावरचे माझे भाषण कित्येक वर्षे तयार आहे. मकसूदमियाँ ते ऐकून डोळे पुसतो. कौन्सिलात उभा राहून एकदा ते बोललो की मी मरायला मोकळा.

९ बहमन, सकाळ
अधिवेशन भरवायचे. पण सभेला इजाजत लागते. त्यासाठी दरखास्त, म्हणजे अर्ज, आणि सोबत भाषण उर्दूत लिहून द्यावे लागते. माझे उर्दू चौथीपर्यंत. आणि भाषण आधीच दाखवले तर त्यात राहिले काय?

गावचे जमीनदार अर्जुनराव यांनी त्यांच्या सभेसाठी दरखास्त दिली आहे. त्यांनाही कौन्सिलात जायचे आहे. बिचारा सरळ माणूस. राजकारणाला डोके लागते.

दुपार
युक्ती सापडली. साखरपुड्याला इजाजत लागत नाही.

१० बहमन
बायकोला, केसरला म्हणालो, रामकिसनसाठी सिरसाळ्याच्या शहादेवांची मुलगी मला पसंत आहे. नातवाच्या या सोयरिकीसाठी केसर दोन वर्षे मागे लागली होती आणि मला पार्टीमुळे फुरसत नव्हती. ती माझ्या कपाळाला हात लावून म्हणाली, अवो, आजच कावून सुचलं? बरं हाय ना तुमाला? मी म्हणालो, वडीलधाऱ्याचे कर्तव्य. रात्री भातावर तूप जास्त पडले.

२२ बहमन
आप्पा म्हणाला, शिरा खायला आलेली माणसं कर ऐकतील का बे? मी म्हणालो, शिरा खाल्लेला माणूस लवकर उठत नाही, तोच तर फायदा.
संकल्प: रोज पहाटे विहिरीवर जाऊन आवाज मोकळा करायचा.

२३ बहमन
थंडी लई होती. उद्यापासून.

३ इस्फंदार
अधिवेशन पार पडले. एकूण यशस्वी म्हणावे लागेल.

गर्दी उत्तम. ती पाहून पोलीस जमादार रहमतुल्लासाहेब चौकशीला आले. त्यांना आधी जेवू घालून वाटेला लावायचे ठरले. ते जेवले. गेले नाहीत. माझ्याच शेजारी लोडाला टेकून त्यांच्या मुलीला स्थळ कसे मिळत नाही ते सांगत बसले. मी उठलो की तेही अदबीने उठत. मुलीची ओटी भरली, साखर वाटली, पंगती उठल्या, माणसे पांगली. भाषण खिशातच.

शेवटी सिरसाळ्याच्या गाड्या निघाल्या. जमादार पान लावण्यात गुंतले होते. मी चटकन एका गाडीवर चढून म्हणालो, बंधूंनो! तेवढ्यात बैलांनी ओढ घेतली. मी पडलो तो मुलीच्या आईच्या, बायनाबाईंच्या, फराळाच्या डब्यावर. बायनाबाई म्हणाल्या, अवो इवाई, आमच्यासंगं सिरसाळ्याला येता का काय? मकसूदमियाँ टाळ्या वाजवत वेशीपर्यंत गाडीमागे पळत आला.
नोंद: टाळ्या पडल्या.

१५ इस्फंदार
अर्जुनरावांची दरखास्त नामंजूर! केसरला म्हणालो, बघ. ती म्हणाली, काय बघू?

१ फरवर्दी
शिफारस अर्जुनरावांची झाली.

आप्पा तालुकदारसाहेबांच्या कचेरीत गेलता. तिथे म्हणत होते, हा माणूस रीतसर इजाजत मागतो आणि नाकारली की गप घरी बसतो, कौन्सिलात असाच पायजे. माझ्याबद्दल जमादारांनी चांगलेच सांगितले म्हणे: शांत, संसारी माणूस, राजकारणाशी संबंध नाही, शिरा उत्तम. हे सांगताना आप्पा फार हसला. मग म्हणाला, मी अर्जुनरावांकडं चाललो बे, तिकडं सेक्रेटरीला घोडं हाय.
पार्टी आता सुटसुटीत झाली.

९ फरवर्दी
नवी योजना. रामकिसनच्या लग्नात दुसरे अधिवेशन. लग्न सिरसाळ्याला, तिथे हे जमादार नाहीत.

१४ फरवर्दी
शहादेवांचा निरोप आला. हुंडा नको, मानपान नको, एकच अट हाय: नवरदेवाच्या आज्यानं गाडीवर चढायचं न्हाई आन् भाषण करायचं न्हाई. मला विचारायच्या आत केसरने हो म्हणून टाकले. रामकिसन मान खाली घालून म्हणाला, आजा, लई मुश्किलीनं जमलंय.

मकसूदमियाँकडे गेलो. कर आणखी वाढला आहे. तो म्हणाला, जाऊ द्या सुंदररावजी, आपलं भाषण मला पाठ हाय. मग त्याने एक संत्रे सोलून अर्धे मला दिले.

२० फरवर्दी
शहादेवांना पत्र धाडायचे आहे. मसुदा:

तुमची अट मान्य आहे. गाडीवर चढणार नाही, जमिनीवरच उभा राहीन. मंगलाष्टके झाल्यावर भटजी पाणी पितात, तेवढ्या वेळात आटोपतो. कौन्सिलाचे नाव काढणार नाही, फक्त टोपलीचा कर. तेही जमत नसेल तर पंगतीत वाढता वाढता हळू आवाजात बोलेन, वाजंत्री चालू असली तरी चालेल. मकसूदमियाँ ऐकायला येणार आहे, त्याला माझ्याजवळ बसवावे. होय की नाही ते लवकर कळवा. वाट पाहतो.