एकसष्टावं सूत्र

४ नोव्हेंबर, मेढा
मिरजेहून मिस्बाहचा फोन. तिच्या अब्बांच्या, म्हणजे शाहनवाजच्या घशाचं ऑपरेशन नऊ तारखेला. "काका, त्यानंतर अब्बांना बोलता येणार न्हाई. त्याआधी या."
बरं म्हणालो. आठ महिने आमचं बोलणं बंद आहे. कारण काय, तर एक ग्रंथ — जो कधी नव्हताच!

५ नोव्हेंबर
सगळी बाडं काढून बसलो. एकतीस वर्षांचं 'तंतुरहस्य'! निरालूक हा देश आम्ही दोघांनी रचला. जादूचं कापड विणायचं शास्त्र दोन हजार वर्षांपूर्वी सांगून गेलेले तिथले वेमाचार्य, तेही आमचेच. शाहनवाज तंबोरे घडवता घडवता सूत्र रचायचा, पोस्टानं धाडायचा. मी मास्तर, मी भाष्य लिहायचो. साठ सूत्रं गोडीत झाली.
माझी बायको शालन जाऊन वर्ष झालं असेल, तेव्हा एकसष्टावं आलं. "शेवटच्या धाग्यापर्यंत विणलेल्या वस्त्रातून दुःख आत शिरत नाही." वाचून डोकंच फिरलं. थोतांड! शेवटी थोडं विणायचं राहतंच, दुःख तिथून बरोबर शिरतं, असं भाष्यात ठणकावून लिहिलं. तो ऐकेना. दोन वर्षं पत्रांवर पत्रं. अखेर मी लिहिलं — तू भोपळे कोरणारा, शास्त्र हे तुझं काम नव्हे.
त्यावर त्याचं पत्र आलं नाही. येईल कसं? असं लिहायला नको होतं.

६ नोव्हेंबर
माफी मागायची. नक्की. पण नुसती माफी मागितली की तो म्हणणार, म्हणजे माझं सूत्र बरोबर! ते कसं चालेल? आधी पुरावा, मग माफी.
सून म्हणाली, "आवं आबा, माणूस आजारी हाय आन् तुमी पुरावं कसलं गोळा करताय?"
सुंभ जळला तरी पीळ जात नाही, तो मी.

७ नोव्हेंबर, दहिवडी
माण तालुक्यातल्या एका वाडीवर घोंगडी विणणारे बिरदेव भेटले. सत्तरीचे असतील. खड्ड्यात पाय सोडून मागावर बसलेले. सगळीकडे चिंचोक्याच्या खळीचा वास. विचारलं, शेवटच्या धाग्यापर्यंत विणता येतं का हो?
हसले. "कसं इणायचं? शेवटाला वीतभर सुतं तशीच ऱ्हात्यात. आडवं सूत नेणारा धोटाच जात न्हाई तितनं. त्येच्याच दशा वळायच्या."
जिंकलो! दशांचा एक तुकडा मागून घेतला.
बिरदेव म्हणाले, "एवढ्यासाठी मेढ्यासनं आलासा? मागावर बसलेल्या कुणालाबी ह्ये ठावं असतंय."
संध्याकाळची एस.टी. चुकली. मुक्काम इथंच. उद्या मिरज, एक दिवस हातात आहे.

८ नोव्हेंबर
स्टँडवर असताना मिस्बाहचा फोन. ऑपरेशन आयत्या वेळी एक दिवस अलीकडे घेतलं. आज सकाळीच झालं. "काल दिवसभर अब्बा दाराकडं बघत हुते, काका."
त्याचा आवाज आता कधीच ऐकू येणार नाही. आणि मी काल पुरावा गोळा करत होतो! माझ्यासारखा गाढव मीच.

९ नोव्हेंबर, मिरज
तो ग्लानीत आहे. गळ्यात नळी. बघवत नाही.
बाहेर बाकावर मिस्बाहला सगळं सांगून टाकलं, तुकडाही दाखवला. ती माझ्याकडं बघतच राहिली. "काका, अब्बांचं आजोळ विट्याचं. नानीच्या मागावर लहानपणी सुताच्या कांड्या भरायचे ते. शेवट इणायचा ऱ्हातो, हे त्यांना ठाऊक नसंल व्हय?"
माहीत होतं! मग दोन वर्षं हट्ट कशासाठी? माझी फजिती करायला?

१० नोव्हेंबर
अजून झोपूनच आहे. दोनदा रागानं घरी निघालो, दोनदा जिन्यावरून परत आलो.

११ नोव्हेंबर
शाहनवाज उठून बसला. आधी माफी मागितली. त्यानं हात दाबला. मग विचारलं, खोटं सूत्र का लिहिलंस?
त्यानं पाटी ओढली. सावकाश लिहिलं — "वहिनी गेल्यावर वर्षभर तू कागदाला हात लावला नव्हतास. चूक दिसली तर गप्प बसणार नाहीस, हे माहीत होतं. भाष्याची चाळीस पानं आली."
"त्रेचाळीस," मी म्हणालो.