आप्पांच्या फोटोमागचा कॅमेरा

रवि., १ फेब्रु.

विलासभाऊंच्या गाडीला पुढच्या काचेवर, वरच्या कडेला, फिल्मची पट्टी लावली. मीच लावली. उंची १५ सेंमी, बुडबुडा एकही नाही, खालची कड सरळ. दादा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "बघा, इंजिनिअरचा हात." दादाच्या गाड्या सजवायच्या दुकानासमोर त्यांच्या घरची नऊ माणसं, नारळ, हार, पेढे.

गाडी नवीन, महिनाभराची. आरशाच्या मागे कॅमेरा आहे. पुढे काही आलं तर तो बघतो आणि गाडी स्वतः ब्रेक मारते. पट्टीच्या मधोमध आप्पांचा, म्हणजे त्यांच्या वारलेल्या वडिलांचा, फेट्यातला गोल फोटो. एका बाजूला 'आप्पांची', दुसऱ्या बाजूला 'कृपा'. फोटो बरोबर कॅमेऱ्यावर येतो. मी काचेवर मार्करने चौकोन काढून दाखवला, इथे एवढं कापावं लागेल.

"आप्पाच्या तोंडाला भोक पाडू व्हय?" विलासभाऊ म्हणाले.

फोटो ड्रायव्हरच्या बाजूला सरकवू, म्हटलं.

"देव्हाऱ्यात देव कडंला ठेवत्यात का, ताई?"

सगळे हसले. दादाने माझ्याकडे पाहिलं. मी चौकोन पुसला आणि साबणाच्या पाण्याची बाटली उचलली.

"कॅमेरा झाकला जाईल, भाऊ," असं मी म्हटलं. नक्की म्हटलं. फिल्मचा कागद सोलताना.

गाडी सुरू केल्यावर डॅशबोर्डवर पिवळा दिवा लागला. मला दिसला. वाटलं, बरं झालं, आता गाडीच त्यांना सांगेल.


सोम., २ फेब्रु.

कंपनीत पहिली शिफ्ट, सकाळची. लाइनच्या शेवटी तोच काळ्या-पांढऱ्या चौकटींचा बोर्ड, गाडी समोर आली की कॅमेरा जुळवायचा, पुढची गाडी. जुळवण्याआधी काच मऊ कापडाने पुसते. बोटाचा ठसा असला तरी स्क्रीनवर एनजी, म्हणजे नापास, येतं. आज दोनदा आलं. दोन्ही वेळा पुसलं आणि पास झालं.

दुकानात ४.४५ ला पोचले. दादा खूश. विलासभाऊंचा फोन आला होता, दिवा कसला म्हणून. दादाने सांगितलं: "नवीन गाडीला येतो भाऊ. हजारभर किलोमीटर झाले की आपोआप जातो."

"असं का सांगितलंस?"

"मग काय सांगू, बापाचा फोटो काढा?"

तो दिवा म्हणजे गाडीचा स्वतःचा ब्रेक बंद आहे, हे त्याला सांगितलं.

"पायाचा चालू आहे ना? मग झालं. आपल्या जुन्या गाडीला कुठं कॅमेरा होता? मेलो का आपण?"

उत्तर तेव्हा सुचलं नाही.


मंगळ., ३ फेब्रु.

उत्तर सुचलं. आपल्या गाडीत तसला ब्रेक नाही हे आपल्याला माहीत होतं. आपण त्या हिशोबाने चालवत होतो. विलासभाऊ तो ब्रेक आहे असं समजून चालवतायत.

दादाला सांगितलं. तो सीट कव्हर शिवत होता. म्हणाला, "तू कंपनीतलं कंपनीत ठेव."


बुध., ४ फेब्रु.

वहिनीने हसत हसत विलासभाऊंची रील दाखवली. महिन्यापूर्वीची. त्यांच्या घरामागचं मैदान, थर्मोकोलच्या खोक्यांचा मनोरा. गाडी येते, हातभर अंतरावर धाडकन थांबते, नाक खाली. शिट्ट्या. आतून त्यांचा आवाज: "पाय न्हाई लावला, आईशप्पथ!"

मी थांबवून काच मोठी करून पाहिली. मोकळी. पट्टी नाही.

खाली त्यांनी काल नवीन लिहिलंय. रविवारी आप्पांचं वर्षश्राद्ध, सगळे पाहुणे येणार, जेवणं झाली की मैदानावर पुन्हा. या वेळी खोक्यांच्या जागी बापू उभा राहणार. बापू म्हणजे त्यांचा धाकटा भाऊ. त्याने हसरे चेहरे टाकलेत. कुणी तरी लिहिलंय, 'आता आप्पाच ब्रेक मारणार.' त्यावर विलासभाऊंचे जोडलेले हात.

दादाला दाखवलं. त्याने पुन्हा लावून पाहिली.

"मी सांगतो त्यांना."

चार दिवस आहेत.


गुरु., ५ फेब्रु.

"सांगितलंस?"

"सांगितलं."

"काय?"

"जपून करा म्हटलं."

जपून.

जेवणाच्या सुट्टीत मीच फोन केला. कँटीनच्या मागे, जिथे आवाज कमी असतो.

"ताई! पट्टी लय भारी बसलीया. चाकणपतुर लोक वळून बघत्यात."

रविवारचं करू नका, म्हटलं. कॅमेऱ्यावर फिल्म आहे, भरवसा नाही.

"अवो थांबती की. परवा मोशीत टेम्पो आडवा आला, थांबली का न्हाई!"

"तुमचा पाय होता का ब्रेकवर?"

"आसंल. ध्यानात न्हाई. पन आप्पांनी वाचवलं."

भोंगा झाला. फोन ठेवला.

भरवसा नाही, असं का म्हटलं मी? कंपनीच्या रिपोर्टात हा शब्द मी कधी लिहिला नसता. तिथे ओके, नाही तर एनजी. गाडी थांबणार नाही, हे तीन शब्द आहेत. मला ते येतात.

संध्याकाळी ते व्हॉट्सॲपवर टाइप केले. पुसले. लेखी दिलं की दोन गोष्टी पक्क्या होतात: मला माहीत होतं, आणि लावणारी मी. जूनमध्ये नोकरीचं कन्फर्मेशन आहे. आठवडाभर कॅमेरे जुळवते आणि रविवारी झाकते, असं कुणी म्हटलं तर ते खोटं नाही.


शुक्र., ६ फेब्रु.

दादाशी भांडण. आवाज चढला नाही, त्यामुळे जास्त लागलं.

"आपण लातूरहून आलो. पहिलं वर्षभर इथला एक गाववाला दुकानाची पायरी चढत नव्हता. आठवतं? पहिली गाडी दुकानाला कुणी लावली? विलासभाऊंनी. स्वतःहून. आणि मी आता त्यांच्या बापाला ब्लेडने सोलू? वर्षश्राद्धाच्या आदल्या दिवशी?"

"बापू उभा राहणार आहे."

"नाही राहणार. ऐन वेळी पळेल तो. बापू आहे तो."

वहिनी पोळ्या लाटता लाटता म्हणाली, "आणि नाही पळाला तर?"

दादा ताटावरून उठला नाही, पण पुढे जेवलाही नाही.

त्याचं पहिल्या गाडीचं म्हणणं खरं आहे.


शनि., ७ फेब्रु.

शिफ्ट सुटल्यावर थेट त्यांच्या घरी गेले. पिशवीत हीट गन, ब्लेड, फडकं. अंगणात मांडव घालणं चाललं होतं, मोठी पातेली उतरवत होते. गाडी जांभळीखाली. पट्टीवर झेंडूचा हार अडकवलेला.

"या ताई, च्या घ्या."

उभ्यानेच सांगितलं. या वेळी बरोबर शब्द वापरले: गाडी थांबणार नाही. मी पट्टी लावल्यापासून तिला पुढचं काहीच दिसत नाही. पिवळा दिवा त्याचाच.

"पन तुमचा दादा तर म्हनला..."

"दादाला माहीत नव्हतं."

हे खोटं. इथे लिहून ठेवते.

त्यांनी गाडीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. हसू गेलेलं.

"मंग तवाच का न्हाई सांगितलं?"

"सांगितलं होतं. कॅमेरा झाकला जाईल म्हटलं होतं."

"कॅमेरा झाकला जाईल आन बापू चाकाखाली जाईल. फरक हाय का न्हाई दोन्हीत?"

"आहे."

त्या रविवारी मी खरं बोलले होते आणि ते अशा बेताने बोलले होते की कुणाला कळू नये. हे मला सहा दिवसांनी त्यांच्या तोंडून कळलं.

बाजेवरून आक्का, त्यांच्या आई, म्हणाल्या, "काय म्हनती रं ती?"

"काय न्हाई. पट्टीचं."

मग माझ्याकडे वळून, हळू: "सांजच्याला पावनं येत्याल. आज आप्पाचं तोंड खरवडू? आईच्या म्होरं?"

"मग उद्याचा खेळ करू नका. पट्टी परवा काढू."

"बगू."

बघू म्हणजे हो की नाही? विचारलं नाही. पिशवी जशी नेली तशी परत आणली.


रवि., ८ फेब्रु.

दुपारी १.४० ला पोचले. पहिली पंगत उठली होती. दादा आला नाही.

मैदानावर फक्कीने आडवी रेघ मारलेली. रेघेवर बापू, काळा चष्मा, हात पसरून. दोन्ही बाजूंना माणसं, फोन वर. गाडी दुसऱ्या टोकाला, चालू.

मी आधी गाडीकडे गेले. ड्रायव्हरची काच खाली होती.

"भाऊ, नका करू."

"जेवला का, ताई? जेवा आदी." आणि काच वर गेली.

त्यांना घाम आलेला दिसला. बाहेर तेवढं ऊन नव्हतं.

मग चालत रेघेपर्यंत आले. ५२ पावलं. बापूच्या शेजारी उभी राहिले.

"ताई, जरा बाजूला. फोटूत येताय."

"येऊ दे."

तो हसला. लोकही हसले. कुणी तरी ओरडलं, "बापू, आमाला वहिनी शोधली का रं!"

गाडी निघाली. उन्हाची तिरीप काचेवर, पट्टीची सावली आत. विलासभाऊ दिसत नव्हते. दिसत होते फक्त आप्पा.

बापू ओठ न हलवता म्हणाला, "लागतो ना पन ब्रेक?"

"नाही लागत."

"आं?"

"लागत नाही. बाजूला हो."

तो हलला नाही. साठ-सत्तर माणसं बघत होती. मी त्याच्या दंडाला धरलं.

गाडी थांबली. अकरा पावलांवर.

शिट्ट्या, टाळ्या, "आप्पा! आप्पा!" एका म्हातारबाबांनी टोपी काढून बॉनेटला हात लावला.

रीलमध्ये मी ती थांबताना पाहिली आहे. गाडी स्वतः थांबते तेव्हा उशिरा थांबते, धाडकन, नाक खाली घालून. ही आधीपासून सावकाश हळू होत आली, एखादा माणूस थांबवतो तशी. त्यांनी पाय लावला.

विलासभाऊ खाली उतरले. "पाय न्हाई लावला" असं ते म्हणाले नाहीत. लावला असंही म्हणाले नाहीत. बाकीचे म्हणत होते ते त्यांनी म्हणू दिलं. हे मला ओळखीचं वाटलं.

बापू चष्मा काढून किल्लीसाठी हात पुढे करत होता. "आता तू हुबा ऱ्हा भाऊ, मी आनतो."

विलासभाऊंनी किल्ली खिशात घातली. "बास. दुसरी पंगत खोळंबलीया."

जाताना माझ्या बाजूने गेले. पाहिलं नाही.


सोम., ९ फेब्रु.

वहिनी म्हणाली, कालची रील गावभर फिरतेय. मी पाहिली. मी त्यात आहे, बापूचा दंड धरून. खाली कुणी तरी लिहिलंय, 'दुकानवाल्या ताईचा स्वतःच्या कामावर विश्वास बघा.'

म्हणजे आता मी साक्षीदारही झाले. गाडी थांबते याची.

दुकानात ५ ला पोचले. दादा म्हणाला, सकाळपासून चार फोन. सगळ्यांना मधोमध फोटो हवाय. एकाला आजोबांचा, एकाला देवाचा. चारांतल्या तीन गाड्या नव्या, कॅमेऱ्याच्या. त्याने अजून कुणाला हो म्हटलेलं नाही. वहीत नावं लिहून ठेवलीत, वेळ लिहिलेली नाही.

"विलासभाऊ?"

"नाही. त्यांचा फोन नाही. आईला आणि पाव्हण्यांना घेऊन सकाळीच देहूला गेलेत म्हणे."

गाडी घेऊन. दिवा लागलेला. त्यांना माहीत आहे, ही एक गोष्ट. गाडीतल्या बाकीच्यांना नाही.

५.५० ला बापूचा फोन, दादाच्या नंबरवर. त्याच्याही गाडीला तसलीच पट्टी हवी, आप्पा मधोमध. आत्ताच घेऊन येऊ का? दादा "हं, हं" करत राहिला. मग त्याने फोन स्पीकरवर टाकून माझ्यापुढे धरला. आठवड्यात पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं.

"तूच बोल."

घेतला.

"ताई, एक इचारायचं हुतं," बापू म्हणाला. आवाज कालचा नव्हता. "काल तुमी रेघेवर काय म्हनला? लागत न्हाई म्हनला ना?"

"हो. लागत नाही."

"मस्करीत?"

"नाही."

रस्त्यावरून डंपर गेला.

"मंग काल थांबवली कुनी?"

दादाने मान नकारार्थी हलवली. फार नाही, जराशी. विलासभाऊंनी सत्तर माणसांसमोर जे राहू दिलं ते मी त्यांच्या सख्ख्या भावाला सांगावं का, असा त्याचा अर्थ. किंवा दुकानाचं काय होईल, असा. मला दोन्ही अर्थ लागले.

"विलासभाऊंनी, पायाने," म्हटलं. "परवा मी त्यांना सांगून आले होते. म्हणून त्यांनी पाय लावला. तुमच्या गाडीलाही कॅमेरा आहे. तुम्ही आलात तर मी मध्ये कापणार. आप्पांचा फोटो ड्रायव्हरच्या बाजूला लावेन. नको असेल तर येऊ नका."

फोन कट झाला नाही. चपलांचा आवाज आला, मग फाटकाचा, मग लांबून बापूची हाक. "भाऊ आला का रं देहूवरनं? गाडी दिसतीया. त्याला खाली बलव."

मग कट.

आता ६.४०. कुणीच आलेलं नाही. दादाने मघाशी उठून शटर अर्धं खाली ओढलं होतं. मी ते परत वर करायला सांगितलं. त्याने केलं.